गाव कोणत्या रकान्यात?

मुंबई राज्याच्या १९४७ च्या तुकडेबंदी आणि एकत्रीकरण कायद्याचं कलम १७ हा आपल्या गावांबद्दल लिहिला गेलेला एक अत्यंत परिणामकारक मजकूर आहे, असं माझं मत आहे. त्यावर परिसंवाद झाले नाहीत, तो कुठल्या अभ्यासक्रमातही नाही. पण मराठी गावाचा नकाशा त्याने जितका बदलला, तितका कुठल्याही कादंबरीने बदललेला नाही. म्हणून हा मजकूर वकिलाच्या नव्हे, वाचकाच्या नजरेने वाचून पाहू.

कलमाचा आशय असा: एकत्रीकरणाची योजना आखताना एखादा रस्ता, बोळ, वाट, पाट, नाली, तळं, कुरण किंवा गावाच्या सामाईक कामासाठी राखलेली जमीन कुणाच्या धारणक्षेत्रात मिसळणं गरजेचं आहे असं एकत्रीकरण अधिकाऱ्याला वाटलं, तर त्याने तसं जाहीर करायचं. त्या जागेवरचे लोकांचे आणि व्यक्तींचे हक्क संपतील, किंवा दुसऱ्या वाटेवर, दुसऱ्या जागेवर नेले जातील, असं त्या जाहीरनाम्यात म्हणायचं. पाठोपाठचं कलम १८ सार्वजनिक कामासाठी राखलेल्या जमिनींचं आहे. अशी जमीन त्या कामातून मोकळी करून तिच्या जागी दुसरी नेमून द्यायचा अधिकार त्यात आहे.

बाकी कायदा चाळला तर भेटतात ते धारक, तुकडा, प्रमाणभूत क्षेत्र, मोबदला, भार, हस्तांतर. सगळे कागदावरचे शब्द. वाट, तळं, कुरण, पाट ही यादी आली की पहिल्यांदा डोळ्यांसमोर गाव उभं राहतं. माणसं चालताना, गुरं चरताना, पाणी वाहताना दिसतं. आणि ही सगळी मंडळी कायद्यात आली आहेत ती मुख्यतः कुणाच्या तरी गटात मिसळली जाण्यासाठी. या लेखात मला एवढीच एक गोष्ट सांगायची आहे: गटवारीच्या काळात सामाईक जमिनीवर अधिकार कुणाचा, हा प्रश्न आपल्याकडे कधी नीट विचारला गेला नाही. कारण गाव स्वतः जमिनीचं धारक असू शकतं, हे वाक्यच आपल्या कायद्याच्या भाषेत बसत नव्हतं. आणि आपल्या साहित्यानेही ते फारसं लिहून पाहिलं नाही.

तुकडे मोजणारे

हा कायदा आला कुठून? पुण्याच्या शेतकी महाविद्यालयाचे प्राचार्य हॅरोल्ड मान यांनी १९१७ मध्ये पिंपळे सौदागर या गावाची पाहणी प्रसिद्ध केली. १७७१ मध्ये तिथे सरासरी धारणा ४० एकर होती, ती १९१५ च्या सुमारास ७ एकरांवर आली होती. १५६ धारकांकडे मिळून ७१८ वेगवेगळे तुकडे होते आणि त्यांतले ४६३ एक एकराहून लहान होते. या आकड्यांची दहशत पुढे तीस वर्षं टिकली. आज त्याच पिंपळे सौदागरमध्ये हिंजवडीला जाणारे माझ्यासारखे लोक दहाव्या-बाराव्या मजल्यावर राहतात. तिथल्या जमिनीचे तुकडे आता चौरस फुटांत मोजले जातात आणि त्याची काळजी कुणालाच वाटत नाही.

मान यांची पाहणी बारकाईची आहे, पण गाजले ते तिच्यातले धारकाचे आकडे. किती खातेदार, किती तुकडे, प्रत्येकी किती एकर. मुंबई इलाख्याचे शेतकी संचालक कीटिंग यांनीही 'किफायतशीर धारणे'चा आग्रह धरला होता. या आग्रहाची पहिली खणखणीत चिकित्सा केली ती डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी, १९१८ च्या भारतातल्या लहान धारणांवरच्या इंग्रजी निबंधात. त्यांचा मुद्दा सरळ आहे. धारणा लहान की मोठी हे एकरांवरून ठरत नाही. तिच्यावर लावायला भांडवल, अवजारं, श्रम किती आहेत यावरून ठरतं. जमिनीवर पोट असणारी माणसं जास्त आहेत आणि त्यांना दुसरीकडे काम नाही, ते आधी बघा. पुढे १९२७ मध्ये मुंबई कायदेमंडळात लहान धारणांचं विधेयक आलं, तेव्हाही त्यांनी विरोध केला. अशा कायद्याने लहान शेतकरी भूमिहीन होईल हा त्यांचा आक्षेप होता आणि त्याऐवजी सहकारी शेतीचा मार्ग त्यांनी सुचवला. ते विधेयक बारगळलं. कायदा झाला तो वीस वर्षांनी.

आंबेडकरांच्या मांडणीत एक वेगळी शक्यता दडलेली आहे. मालकी ज्याची त्याची राहो, शेती मिळून करा. म्हणजे 'एकत्र' या शब्दाचा अर्थ माणसं एकत्र येणं. १९४७ च्या कायद्याने 'एकत्रीकरण' हाच शब्द घेतला, पण त्यात एकत्र आले ते एका माणसाचे तुकडे. शब्द तोच आणि कर्ता बदललेला. माझ्या पिढीने जुन्या संगणकांवर 'डीफ्रॅग' नावाची गोष्ट पाहिली आहे. डिस्कवर विखुरलेले एका फाइलचे तुकडे शेजारी आणून ठेवायचे. फाइल कुणाची ते स्पष्ट असेल तर काम सोपं असतं. गावात मात्र अशा कितीतरी गोष्टी असतात ज्या एका फाइलच्या नसतात. पाणंद चाळीस शेतांची असते. तिला कुणाच्या शेजारी नेऊन ठेवणार?

'कायद्याने समर्थ' म्हणजे कोण?

एका अधिकाऱ्याच्या जाहीरनाम्याने गावाची वाट संपवता येते, याचं मूळ आणखी मागे आहे. १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्याच्या कलम ३७ ने रस्ते, वाटा, नद्या, नाले, तळी आणि जी जमीन कुणा व्यक्तीच्या किंवा मालमत्ता धारण करायला कायद्याने समर्थ अशा समूहाच्या मालकीची नाही, ती सगळी सरकारची ठरवली. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम २० तोच साचा पुढे चालवतं.

या वाक्यातला कळीचा शब्द 'समर्थ' आहे. गावाने तळं खोदलं असेल, दरवर्षी गाळ काढला असेल, पाणी कुणी कधी घ्यायचं ते ठरवलं असेल, गायरानात गुरं कधी सोडायची याचा नेम पाळला असेल. तरी सर्वसाधारण कायद्याच्या लेखी ते त्या जमिनीचं धारक नाही. जे कुणाचं नाही ते सरकारचं, असा हा हिशोब. आणि 'सगळ्यांचं' हा 'कुणाचं नाही'चाच एक प्रकार धरला गेला. मग सरकारने उदार होऊन त्यातली काही जमीन गुरचरणासाठी 'नेमून द्यायची'. संहितेचं कलम २२ ते सांगतं. १९५८ च्या ग्रामपंचायत कायद्याचं कलम ५१ अशा जमिनी पंचायतीकडे अटींवर सोपवायची मुभा देतं. क्रियापदं बघा: नेमून देणे, सोपवणे, परवानगी देणे. सगळ्यांचा कर्ता सरकार. गाव नेहमी चतुर्थीत.

माझ्या मलकापूरसारख्या ठिकाणी या कथेला आणखी एक पदर आहे. मलकापूर ही विशाळगडच्या पंतप्रतिनिधींच्या जहागिरीची राजधानी होती आणि ती जहागीर कोल्हापूर संस्थानात मोडत होती. १ मार्च १९४९ ला कोल्हापूर मुंबई राज्यात विलीन झालं. मग विलीन संस्थानांतल्या जहागिरी संपवणारा १९५३ चा कायदा आला. जहागीरदाराच्या जाचातून रयत सुटली, कुळं कब्जेदार झाली, हे त्याचं मोठंच काम. पण त्याच कायद्यात सार्वजनिक रस्ते, वाटा, नाले, तळी, पडीक आणि बिनलागवडीच्या जमिनी सरकारकडे जातील असंही कलम होतं. म्हणजे जी जमीन कसली जात होती ती रयतेकडे आली आणि जी मिळून वापरली जात होती ती एका धन्याकडून दुसऱ्या धन्याकडे गेली. शाहूवाडीच्या डोंगरात अशी जमीन थोडी नव्हे. आंबा घाटाकडे जाताना जी रानं, कुरणं आणि देवराया दिसतात, त्यांच्याशी गावांचं नातं पिढ्यान् पिढ्यांचं आहे. सातबाऱ्यावर मात्र त्या नात्याला रकाना नाही. कुठे महाराष्ट्र शासन लागतं, कुठे वन विभाग, कुठे देवस्थान. देवाचं नाव लागू शकतं. गावाचं लागत नाही.

गटवारी आली ती या पायावर. जुने सर्व्हे नंबर आणि हिस्से जाऊन गट नंबर आले. जुना नंबर कुठल्या गटात गेला हे शोधायला लोक आजही भूमी अभिलेख कार्यालयातून ९(३) आणि ९(४) चे उतारे काढतात. अनेक गावांत कागद बदलला आणि ताबा जुन्याच जागी राहिला. एकाच्या नावची जमीन दुसरा कसतोय, अशा जोड्या जुळवण्यासाठी २०२३ मध्ये शासनाला 'सलोखा' योजना आणावी लागली. खातेदारांच्या या गोंधळाची निदान योजना तरी झाली. गाव नकाशावरच्या तुटक रेषांचं, म्हणजे गाडीवाटांचं आणि पाऊलवाटांचं काय? ज्याची जमीन चुकली त्याला अपील होतं. ज्यांची वाट चुकली ते 'सगळे' होते, आणि 'सगळे' अपिलात जात नाहीत. त्यातून कायद्याच्या कलम ३६-अ ने दिवाणी न्यायालयाचा दरवाजाही बराचसा लावून घेतलेला.

पंजाबातली 'बचत'

गाव धारक असतं तर काय झालं असतं, ते पाहायला पंजाब-हरियाणाकडे जावं लागतं. तिथला १९४८ चा एकत्रीकरण कायदा आपल्याच कायद्याच्या घाटाचा. कलम १७ आणि १८ तिथेही याच विषयांची आहेत. सार्वजनिक वाटेचा हक्क संपला म्हणून भरपाई मागता येणार नाही, असंही तिथे स्पष्ट लिहिलेलं आहे. फरक पायात होता. तिथे 'शामलात देह' म्हणजे गावातल्या जमीनमालकांच्या मंडळाची सामाईक मालकी ही कायद्याने ओळखलेली गोष्ट होती. त्यामुळे एकत्रीकरणात प्रत्येकाच्या जमिनीतून थोडा हिस्सा कापून सामाईक कामासाठी काढला गेला, तेव्हा तो कुणाचा हा प्रश्न थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९६७ मध्ये भगत राम खटल्यात न्यायालयाने म्हटलं की पंचायतीला उत्पन्न मिळावं म्हणून लहान धारकांची जमीन काढून घेणं हे योजनेच्या नावाखालचं संपादन आहे, आणि राज्यघटनेच्या कलम ३१-अ प्रमाणे त्याला बाजारभावाने मोबदला द्यावा लागेल.

पुढचा वाद आणखी बोलका आहे. कापलेल्या जमिनीतली काही शाळा, रस्ता, शिवार अशा कामांना नेमून दिली आणि उरली ती 'बचत' जमीन. ती पंचायतीची की मूळ मालकांची? हरियाणाने १९९२ मध्ये कायद्यात दुरुस्ती करून ती पंचायतीकडे नेली. उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००३ मध्ये मालकांच्या बाजूने निर्णय दिला. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये तो फिरवला, मे २०२४ मध्ये स्वतःचाच निकाल मागे घेतला आणि सप्टेंबर २०२५ मध्ये हरियाणाचं अपील फेटाळलं. नेमून न दिलेली बचत जमीन मालकांचीच, हे कायम झालं.

या लढाईत जिंकले ते जमीनवाले, हे विसरायचं कारण नाही. 'सामाईक' या शब्दात तिथला भूमिहीन शेतमजूर मुळातच नव्हता. तरी एक गोष्ट घडली. शिल्लक जमीन कुणाची, हे साठ वर्षं मोठ्या आवाजात विचारलं गेलं. रयतवारीच्या महाराष्ट्रात हा प्रश्न या रूपात उभाच राहिला नाही. उत्तर आधीच छापलेलं होतं.

बांधाचं साहित्य

इंग्लंडमध्ये संसदेचे कायदे करून सामाईक कुरणं बंदिस्त झाली, तेव्हा त्यावर लिहायला जॉन क्लेअरसारखा शेतमजूर कवी होता. आपल्याकडे या प्रश्नाची पहिली तीव्र जाणीव दिसते ती महात्मा फुल्यांच्या 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये, १८८३ साली. जंगलखात्याने डोंगर, पडीक रानं आणि गायरानंसुद्धा गिळली, शेळ्यामेंढ्यांना जागा उरली नाही, ही त्यांची तक्रार भावनेची नाही, हिशोबाची आहे. सामाईक जमीन गेली की सगळ्यात आधी कुणाची चूल थंडावते, ते त्यांनी ओळखलं होतं.

त्यानंतरचं मराठी ग्रामीण साहित्य मात्र बहुतेक बांधाभोवती फिरतं. भाऊबंदकी, वाटणी, कोर्टकचेरी, गहाणखत, मोटेवरची पाळी. संघर्ष नेहमी दोन धारकांमधला. सामाईक जमीन असते, पण पार्श्वभूमीसारखी. 'बनगरवाडी'त मेंढरं माळावर असतात आणि तो माळ कुणाचा हा प्रश्न कथेला पडत नाही. दुष्काळ पडतो तो निसर्गाचा. कादंबरीचं थोरपण याने कमी होत नाही. तिचा विषय वेगळा आहे. पण एकामागून एक पुस्तकांत माळ नुसताच माळ राहतो, तेव्हा ती एका लेखकाची निवड राहत नाही, भाषेची सवय बनते. अलीकडे कृष्णात खोत यांच्या 'रिंगाण'ने ही सवय मोडली. विस्थापित गावाने मागे सोडलेली म्हैस रानटी होते, आणि तिला आणायला गेलेल्या माणसाला कळतं की गाव म्हणजे नुसती घरं आणि शेतं नव्हती. गुरं, रान, पाणी यांच्याशी असलेला एक करार होता. मोबदल्याच्या यादीत तो करार कुठेच नसतो. पन्हाळ्याच्या डोंगरातून आलेल्या लेखकाने हे लिहावं, यात मला नवल वाटत नाही.

उलट बाजूही वाचायला हवी. त्रिंबक नारायण आत्रे यांचं 'गावगाडा' (१९१५) हे गावाच्या सामाईक व्यवस्थेचं आपल्याकडचं सगळ्यात तपशीलवार पुस्तक. लेखक महसूल खात्यातला, निरीक्षण पक्कं. पण फिरस्त्या जमातींकडे ते गावावरचा भार म्हणून बघतं. त्यांचा तळ, त्यांची जनावरं म्हणजे उपद्रव. म्हणजे गाव सामाईक होतं, पण त्या 'आपण'ला कुंपण होतं. महारवाड्याचं त्या सामाईकपणातलं स्थान तर राबण्यापुरतं. १९१८ मध्ये शाहू महाराजांनी कोल्हापूर संस्थानात महार वतनं रद्द करून त्या जमिनी रयतावा केल्या, तेव्हा गावाच्या सामाईक चाकरीतून सुटून व्यक्तीच्या नावावर जमीन येणं हीच मुक्ती होती. सातबाऱ्यावर स्वतःचं नाव लागण्याची किंमत ज्यांना ते कधी लागलंच नाही त्यांनाच कळते. दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखालच्या भूमिहीनांच्या सत्याग्रहांची मागणीही हीच होती: पडीक आणि गायरान जमिनी कसणाऱ्याला द्या. त्यामुळे गटवारीपूर्वीच्या गावाचं गोड चित्र काढून त्यावर हळहळणं मला शक्य नाही.

सगळेच अतिक्रमक

आजचा पेच इथेच आहे. २८ जानेवारी २०११ ला जगपाल सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पतियाळा भागातल्या एका गावाच्या तळ्याबद्दल निकाल देताना देशभरच्या गावजमिनींवरची अतिक्रमणं हटवायला सांगितलं. सामाईक जमिनीच्या बाजूने इतकं स्पष्ट बोलणारा निकाल विरळा. भूमिहीनांना आणि अनुसूचित जाती-जमातींना शासनाने दिलेल्या पट्ट्यांचा अपवादही त्यात आहे. महाराष्ट्राने त्याच वर्षी १२ जुलैला शासन निर्णय काढला. २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने गायरानांचा विषय स्वतःहून हाती घेतला आणि राज्यभर नोटिसा गेल्या.

नोटीस कुणाला गेली? गायरान दाबून व्यापारी गाळे काढणाऱ्याला गेली आणि दोन पिढ्या तिथे पत्र्याच्या घरात राहणाऱ्या मजुरालाही. एकच शब्द, अतिक्रमण. गुरं चारणाऱ्याच्या दृष्टीने कसणारा अतिक्रमक, शासनाच्या दृष्टीने दोघेही सरकारी जमिनीवर उपकारापुरते, आणि प्रकल्पाला जमीन हवी असली की तिघांच्या वर शासन. सामाईक जमिनीला गावाची म्हणून ओळख नसल्याने 'ही जमीन गुरांना किती, घरांना किती, कसणाऱ्या भूमिहीनाला किती' ही चर्चा गावात होण्याआधीच सरकारी दप्तरात निकाली निघते. भांडण गावातलं, पण न्याय करायचा अधिकार गावाकडे नाही, आणि गावाने तो न्यायाने केला असता याची खात्रीही नाही. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत.

पाणंदींचंही तसंच. जिथे वाट एका कलमाने संपवता येत होती, तिथेच २०२१ पासून 'मातोश्री' योजनेतून शेत आणि पाणंद रस्त्यांवर पैसे खर्च होऊ लागले. २०२५ मध्ये शेतरस्त्याची नोंद सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात घ्यायचं धोरण आलं. चांगलंच आहे. ऊस तोडून ट्रॅक्टर रस्त्याला लागला पाहिजे. पण तो रकाना एका धारकाच्या उताऱ्यावरचा. वाट नोंदली जाते ती त्याच्या जमिनीवरचं ओझं म्हणून.

गाव धारक होऊ शकत नाही, हे मात्र आता पूर्ण खरं राहिलेलं नाही. १९६४ च्या महाराष्ट्र ग्रामदान कायद्यात जमीन गावाकडे जाण्याची सोय आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने सामूहिक हक्क ग्रामसभेच्या नावे लावायची वाट काढली आणि गडचिरोलीतल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर असा हक्क मिळाला. २०१३ मध्ये त्याच गावाने ग्रामदानाचाही निर्णय घेतला. तिथे निर्णय सर्वसहमतीने होतात, म्हणजे ज्याचं कमी आहे त्यालाही नकार देता येतो. मला यातली हीच अट महत्त्वाची वाटते. नुसतं 'गावाचं' असं लिहिल्याने न्याय येत नाही. गावात कोण कोण धरलं आहे ते आधी ठरावं लागतं.

कलम १७ लिहिणाऱ्याला वाट, तळं, कुरण एका दमात आठवलं होतं, म्हणजे गाव त्याला दिसत होतं. त्याने फक्त त्या वाक्याला कर्ता दिला नाही. ते वाक्य आजही तसंच छापलेलं आहे.